चकती, पाट आणि परसदार: एका सादरीकरणाच्या प्रकल्प नोंदी

5 जानेवारी 2025

कामाचा आराखडा पक्का झाला. जागा जुन्या नाशकातली, तांबट लेनपासून चालत जाण्याच्या अंतरावरच्या एका वाड्याचा चौक. वेळ 40 मिनिटं. कलाकार एकटी. पुढ्यात बाभळीचा ओंडका, त्यावर 45 सेंमी व्यासाची तांब्याची चकती, हातात 300 ग्रॅमची हातोडी. नऊ आवर्तनं. प्रत्येकात दोन मिनिटं ठोके आणि दोन मिनिटं थांबणं. उरलेली चार मिनिटं ती चकती हातात घेऊन चौकात फिरते आणि ज्याला हवं त्याला ती हाताळू देते.

कलाकार ऑटिस्टिक आहे. एका लयीत बोटं आपटणं, डोलणं, एकच आवाज पुन्हा पुन्हा काढणं या गोष्टींना वर्गात ‘चाळे’ म्हणतात आणि थांबवतात. तांब्याचं भांडं मठारणारा, म्हणजे ठोकून घडवणारा, हात दिवसभर हेच करतो आणि त्याला कसब म्हणतात. सादरीकरण या दोन शब्दांमधल्या अंतराबद्दल आहे. कुठलीही गोष्ट सांगायची नाही, अभिनय नाही. तिची स्वतःची लय सेकंदाला साधारण साडेतीन ठोक्यांची आहे. 9 आवर्तनांत 18 मिनिटं ठोके, म्हणजे एका प्रयोगात सुमारे 3780.

पहिल्या बैठकीत एक नियम लिहून भिंतीवर लावला: अडचण आली की सामान, जागा किंवा वेळापत्रक बदलायचं. कलाकाराचं शरीर आणि तिची लय यांना हात लावायचा नाही. प्रेक्षकांच्या शरीरालाही तोच नियम.

9 जानेवारी

पत्रकातले शब्द. सरकारी कागदांत ‘दिव्यांग’ येतो आणि कायद्याचं नावही दिव्यांग व्यक्ती हक्क अधिनियम, 2016 असंच आहे. 1995 च्या कायद्यात सात प्रकार होते, 2016 च्या कायद्यात एकवीस झाले आणि ऑटिझम, विशिष्ट अध्ययन अक्षमता त्यात आल्या. कायद्याचा उल्लेख असेल तिथे ‘दिव्यांग’ ठेवला. बाकी सगळीकडे कलाकाराने ‘अपंग’ आणि ‘ऑटिस्टिक’ निवडले. ‘स्वमग्न’ तिने खोडला. त्या शब्दातून माणूस स्वतःतच बुडालेला आहे असं ऐकू येतं आणि तिचा त्रास नेमका उलटा आहे, बाहेरचं सगळं एकदमच आत येतं. ‘न्यूरोडायव्हर्सिटी’ देवनागरीत तसाच ठेवला, पुढे एक ओळ जोडली: ‘मेंदूंची रचना आणि रीत माणसागणिक वेगळी असणं’.

‘प्रेरणादायी’, ‘मात करून’, ‘विशेष’ हे तीन शब्द पत्रकात, फलकावर किंवा निवेदनात येणार नाहीत.

14 जानेवारी

वाड्याची मोजणी. दिंडी दरवाजाचा उंबरा बाहेरून 18 सेंमी उंच. उतार 1:12 धरला तर 216 सेंमी लांबीचा रॅम्प लागतो. समोरची गल्ली 240 सेंमी रुंद आणि दुचाकी सतत चालू. रॅम्प लावला की गल्ली बंद. प्रेक्षक आत आल्यावर रॅम्प उचलायचा असा तोडगा निघाला होता, तो सोडून दिला. प्रयोगातून कधीही बाहेर जाता आणि परत येता आलं पाहिजे, आणि मधल्या वेळात रॅम्प नसेल तर व्हीलचेअरवरचा माणूस आत कोंडला जातो.

परसदाराला 10 सेंमीची एकच पायरी आहे. तिथे 120 सेंमी लांब, 110 सेंमी रुंद रॅम्प पुरतो. 18 मिमी प्लायवूड, खाली तीन आडव्या पट्ट्या, वर खडबडीत पट्टी, दोन्ही कडांना 5 सेंमीची किनार म्हणजे चाक घसरणार नाही. दाराची मोकळी रुंदी 92 सेंमी भरली.

मग प्रश्न असा की कोण कुठून येणार. उत्तर: सगळे परसदारातून. दिंडी दरवाजा बंद. पुढचं दार चालणाऱ्यांना आणि मागचं दार चाकांवरच्यांना, ही विभागणी अनेक सभागृहांत मुकाट्याने होते. इथे ती नको.

19 जानेवारी

आवाज. ऐरणीवर चकती ठेवून ठोकलं तर 1 मीटरवर 101 डेसिबल. ओंडक्यावर 4 मिमी चामडं टाकून त्यावर चकती ठेवली तर 88. पहिली रांग 3 मीटरवर ठेवली, तिथे 82. मोजमाप मीटरनेच करायचं, फोनवरचं ऍप करू नये. ठोक्याचं टोक फार आखूड असतं, फोनचा माइक ते छाटतो आणि आकडा खोटा कमी येतो.

चौकाच्या समोरासमोरच्या दगडी भिंतींमुळे प्रत्येक ठोक्यामागे फडफडणारा प्रतिध्वनी येत होता. दोन्ही ओसऱ्यांवर मिळून नऊ गोधड्या टांगल्या. भिंतीला चिकटवून टांगल्या तेव्हा फारसा फरक पडला नाही. 10 सेंमी पुढे ओढून बांबूवर टाकल्या, तेव्हा फडफड गेली.

आवाज एकूण किती मोठा आहे यापेक्षा तो अचानक येतो का, हे पुष्कळ जणांना जास्त त्रासाचं असतं. म्हणून प्रत्येक आवर्तनाआधी खूण: कलाकार हातोडीचा हात खांद्यापर्यंत उचलते, तीन सेकंद तसाच ठेवते, मग पहिला ठोका. पहिले चार ठोके हलके. ही खूण कधीही गाळायची नाही, सरावातही.

27 जानेवारी

कंपनाचा पहिला प्रयत्न फसला. बहिऱ्या प्रेक्षकांना ठोका अंगाने कळावा म्हणून 8 बाय 4 फुटांच्या प्लायवूडच्या मंचाखाली चार बास शेकर (खर्जातले आवाज हादऱ्यांत बदलणारी यंत्रं) बसवले आणि माइकचा आवाज थेट त्यांत सोडला. काहीच जाणवेना. कारण साधं आहे. तांब्याच्या ठोक्याची बहुतेक ऊर्जा हजार हर्ट्झच्या वर असते आणि शेकर 100 च्या खाली काम करतात. द्यायला त्यांच्याकडे काही उरतच नाही.

दुसरी चूक अधिक गंभीर होती. ठोक्यागणिक 50 हर्ट्झचा धक्का तयार करून मंच हलवला, तो चांगला हलला, पण त्यावर बसलेल्या प्रत्येकालाच हलवू लागला. ज्याला ते नकोय त्याला सुटका नाही. एकासाठी केलेली सोय दुसऱ्यावर लादली गेली. मंच मोडीत काढला.

2 फेब्रुवारी

मंचाऐवजी पाट. जेवायला बसायचा साधा लाकडी पाट, खाली छोटा एक्साइटर, म्हणजे लाकडालाच कंपवणारा स्पीकर. हवा त्याने घ्यावा, त्यावर बसावं किंवा मांडीवर ठेवून तळवे टेकवावेत. नको असेल त्याने बाजूला सारावा.

जुना सागवानी पाट 25 मिमी जाड होता, त्याने कंपन गिळलं. आंब्याच्या लाकडाचे 12 मिमी जाडीचे आठ पाट सुताराकडून करून घेतले. तळाशी चार रबरी बुटं लावली, नाहीतर पाट फरशीवर खडखडतो. त्वचेची कंपन ओळखण्याची क्षमता 200 ते 300 हर्ट्झच्या आसपास सर्वांत तीक्ष्ण असते, म्हणून धक्का 220 हर्ट्झचा ठेवला. 50 हर्ट्झला लागत होती त्याच्या पावपट ताकदीत तळव्याला स्पष्ट कळतं.

जोडणी अशी. 27 मिमीची पिझो चकती (ठोक्याच्या दाबाने वीज देणारी) ओंडक्याच्या बाजूला इपॉक्सीने चिकटवली. आधी ती तांब्यालाच लावली होती, तिचा डाग (तारेचा सांधा) पहिल्याच सरावात निखळला. पिझोला समांतर 1 मेगाओहमचा रोध आणि 5.1 व्होल्टचा झेनर डायोड. झेनर विसरू नये, जोराच्या ठोक्याला पिझो 5 व्होल्टांपेक्षा खूप जास्त देते आणि आर्डुइनोचं (प्रोग्राम करता येणाऱ्या छोट्या सर्किट बोर्डाचं) टोक जळतं. आर्डुइनो ठोका ओळखतो आणि 220 हर्ट्झचा तुकडा ऍम्प्लिफायरला देतो. चार ओहमचे एक्साइटर दोन-दोन मालिकेत, त्या दोन जोड्या समांतर, म्हणजे एका चॅनेलला चार पाट आणि भार पुन्हा 4 ओहम. सगळं 12 व्होल्ट 7 अँपिअर-तासांच्या बॅटरीवर.

तुकड्याची लांबी आधी 250 मिलिसेकंद होती. साडेतीन ठोक्यांच्या लयीत दोन ठोक्यांत अंतरच 286 मिलिसेकंद, त्यामुळे पाट सलग गुणगुणत राहिला आणि लय हरवली. 90 मिलिसेकंदांवर आणल्यावर प्रत्येक ठोका सुटा झाला. हातोडी उसळून दुसरा खोटा ठोका लागतो, त्यासाठी ठोक्यानंतर 120 मिलिसेकंद आर्डुइनोने कान मिटायचे. आर्डुइनोची चौकोनी लहर तशीच सोडली तर पाट भुंग्यासारखा कर्कश वाजतो. ऍम्प्लिफायरच्या आधी रोध आणि कपॅसिटरचा साधा गाळणा लावला, 300 हर्ट्झच्या वरचं कापायला.

8 फेब्रुवारी

दिवे. विजेवर चालणारे स्वस्त एलईडी सेकंदाला 100 वेळा लुकलुकतात. पुष्कळांना कळत नाही, काहींचं डोकं अर्ध्या तासात ठणकतं. तपासणी सोपी: दिव्याखाली पेन झपझप हलवायचं. एकसंध पुसट पट्टा दिसला तर ठीक, सुटी सुटी पेनं दिसली तर दिवा बाद. भाड्याने आणलेल्या अकरांपैकी सात बाद झाले. मंद केल्यावर डिमरनेही तेच केलं. डिमर काढले, सगळे दिवे 12 व्होल्टच्या बॅटरीवर घेतले, चार वेगळ्या बटणांवर. उजेड कमी हवा तर दिवे कमी लावायचे.

11 फेब्रुवारी

आजवरची सगळ्यात धोक्याची चूक. वरून एकच दिवा चकतीवर होता. ठोक्यागणिक चकती डोलते आणि दिव्याचं प्रतिबिंब ओसरीवर बसलेल्यांच्या डोळ्यांवरून सपकन जातं. सेकंदाला साडेतीन वेळा. प्रकाशाच्या लुकलुकीने झटका येणाऱ्या अपस्मारात सेकंदाला 3 ते 30 हा पट्टा धोक्याचा मानतात. दिवे स्थिर असूनही आम्ही लुकलुक तयार केली होती, आणि दिव्यांच्या तपासणीत ती सापडली नसती. चकतीवर कोणी ठोकत असताना, प्रेक्षकांच्या जागेवर बसूनच ती दिसते.

लय अडीचवर आणा, हा तांत्रिक बाजूने सोपा उपाय होता. 5 जानेवारीचा नियम आठवून तो टाळला.

तांबं मऊ करायला लालसर होईतो तापवतात. नंतर ते पाण्यात न बुडवता हवेत गार केलं तर वर काळी राख-पुटं राहतात. नेहमी ती चिंचेने किंवा आम्लाने काढतात. आम्ही ठेवली, काळी चकती चमकणार नाही म्हणून. चौथ्या आवर्तनापर्यंत ठोक्यांनी पुटं उडाली आणि खाली गुलाबी तांबं लखलखू लागलं. शिवाय कपच्या उडतात. कलाकार आता साधा पारदर्शक चष्मा लावते.

खरा उपाय दिव्यात मिळाला. दिवा लहान असला की प्रतिबिंब टोकदार होतं, मोठा पसरट असला की सौम्य. वरचा दिवा काढला. दोन दिवे भिंतीकडे वळवले आणि चकतीच्या बाजूला 2 मीटर बाय 1.5 मीटरचा मांजरपाटाचा पडदा ताणून त्यातून उजेड घेतला. प्रतिबिंब आहे, पण त्याला धार नाही. ओसरीवरच्या आठ वेगवेगळ्या जागांवरून, उभ्याने आणि बसून, तपासलं. तरीही परसदाराशी आणि प्रेक्षकांना आधी पाठवायच्या पुस्तिकेच्या पहिल्या पानावर सूचना ठेवली आहे: चकचकीत धातूवरून उजेड हलतो.

13 फेब्रुवारी

भारतीय सांकेतिक भाषेचे दोन दुभाषे. दर 20 मिनिटांनी बदल, म्हणजे पाचव्या आवर्तनानंतरच्या थांब्यात. चौकात मंद उजेड हवा आणि दुभाष्याच्या हातावर, चेहऱ्यावर भरपूर, ही ओढाताण काळ्या पुठ्ठ्याची झापं लावलेल्या एका वेगळ्या दिव्याने सुटली. मागे गडद साधं कापड. जागा कलाकारापासून दीड मीटरवर, म्हणजे मान न वळवता दोघं दिसतात.

ठोके चालू असताना दुभाष्याने खाली बसायचं. सतत हातवारे केले तर बहिरा प्रेक्षक कलाकाराकडे पाहूच शकत नाही. त्या दोन मिनिटांत त्याच्याकडे पाट आहे.

सुरुवातीचं निवेदन कलाकाराच्या फोनमधल्या आवाजात. प्रयोगाच्या दिवशी ती बोलत नाही, लिहिते. फोन मराठी वाचताना आकडे हिंदीत म्हणत होता, म्हणून सगळे अक्षरी लिहिले, ‘पंचेचाळीस’, ‘चाळीस’. लांब वाक्यं मध्येच भलतीकडे तोडतो. एका वाक्यात सात-आठ शब्दांपुढे जाऊ नये.

16 फेब्रुवारी

चाचणी प्रयोग, 14 प्रेक्षक. पाट, रॅम्प, उजेड ठीक. खुर्च्यांच्या मधोमध ठेवलेल्या दोन व्हीलचेअरच्या जागा (प्रत्येकी 90 बाय 120 सेंमी) पुरल्या. माजघर हे शांत खोलीचं काम चांगलं करतं: एक पिवळा दिवा, चार जड गोधड्या, आवाज बंद केलेला चौकाचा थेट व्हिडिओ. तीन जण तिथे जाऊन परत आले.

अडचण दुसऱ्याच टोकाला निघाली. थांब्यांत एक मुलगा मोठ्याने गुणगुणत होता, एक प्रेक्षक मध्येच शब्द उच्चारत होता. दोघांनाही तसं करण्याची पूर्ण मुभा आहे, पत्रकातच लिहिलं आहे. पण कलाकार थांबे मनात मोजते. आवाज आला की मोजणी सुटते, आणि सहाव्या आवर्तनात तिचे हात थांबले. प्रेक्षकांसाठी नियम सैल केलेला प्रयोग ऑटिस्टिक कलाकारालाच अशक्य झाला.

जेस थॉम या लंडनच्या कलाकाराला टुरेट सिंड्रोम आहे. एका रंगमंचीय कार्यक्रमाला प्रेक्षक म्हणून गेल्या असता त्यांच्या टिक्सच्या (आपोआप होणाऱ्या हालचाली आणि उच्चारांच्या) आवाजामुळे त्यांना ध्वनिकक्षात जाऊन बसायला सांगितलं गेलं, आणि पुढे त्या स्वतःच रंगमंचावर उभ्या राहिल्या, कारण तिथून त्यांना कोणी उठवू शकणार नव्हतं. गुणगुणणाऱ्या मुलाला माजघरात बसवणं म्हणजे तोच ध्वनिकक्ष पुन्हा बांधणं. कलाकाराने हा पर्याय कोणी बोलायच्या आधीच लिहून नाकारला.

18 ते 22 फेब्रुवारी

मोजणी कानातून आणि मनातून काढून कलाकाराच्या पायाखाली नेली. नववा पाट. आर्डुइनोच्या दुसऱ्या टोकावरून फक्त तिला: थांब्यात दर 10 सेकंदांनी एक हलका धक्का, शेवटच्या 10 सेकंदांत दोन-दोन. आता मोजायचंच नाही. सोबत कानांवर उघडपणे इअरमफ, लपवायचे नाहीत, केसांत दडवायचे नाहीत. प्रेक्षकांसाठीही परसदाराशी टोपलीत दहा जोड्या आहेत, त्यामुळे चौकात ते वावगं दिसत नाही.

22 ला तोच मुलगा, तेच गुणगुणणं, शिवाय गल्लीतून हॉर्न. नऊही आवर्तनं पूर्ण.

फोन बंद ठेवा असं सांगणार नाही. काही जण फोननेच बोलतात. रिंग तेवढी मूक ठेवायची विनंती.

24 फेब्रुवारी

पुस्तिका छापून आली. 12 पानं, 18 पॉइंट, प्रत्येक पानावर एक फोटो आणि तीन-चार वाक्यं. परसदार, रॅम्प, शौचालय, पाट, हातोडी उचललेला हात, माजघर, कोणत्या मिनिटाला काय. शौचालयाचा फोटो आधी विसरला होता आणि सगळ्यात जास्त विचारणा त्याचीच झाली. चार दिवस आधी पाठवायची. वास: तांबं तापवण्याचं काम प्रयोगाच्या जागी करायचं नाही, आदल्या दिवशी दुसरीकडे. डासांसाठी उदबत्ती किंवा कॉइल नाही, ओसरीला जाळी.

26 ला महाशिवरात्र. रामकुंड, कपालेश्वराकडे गर्दी आणि ढोल, त्या दिवशी सराव नाही. रंगपंचमीला, 19 मार्चला, जुन्या नाशकातल्या रहाडी (रंग खेळायचे जुने दगडी हौद) उघडतात, त्यामुळे तिसरा प्रयोग त्या आठवड्यात लावायचा नाही.

1 मार्च

पहिला प्रयोग, संध्याकाळी 7:15. जागा 32: आठ पाट, दहा चटया, बारा खुर्च्या, दोन व्हीलचेअरच्या जागा. सगळ्या भरल्या. पाट क्रमांक 6 मुका राहिला. दोन एक्साइटर मालिकेत असल्याने त्याच्यासोबत 5 पण गेला. तार रॅम्पच्या चाकाखाली आली होती. तारा आता भिंतीच्या कडेने.

उद्या काम नाही. दोन प्रयोगांमध्ये कलाकाराला एक पूर्ण रिकामा दिवस, त्यात फोन नाही, बैठक नाही, मुलाखत नाही. अंदाजपत्रकात हा दिवस ‘विश्रांती’ म्हणून न टाकता कामाचा दिवस म्हणून मानधनासह टाकला आहे. पुढे कोणी असा प्रयोग आखत असेल तर हा रकाना आधी भरावा. पैसे कमी पडले की पहिली कात्री यालाच लागते आणि मग दुसरा प्रयोग होत नाही.

3 मार्च

दुसरा प्रयोग. आठही पाट चालू. शेवटच्या चार मिनिटांत चकती अकरा हातांतून गेली. एका दृष्टिहीन प्रेक्षकाने मठारलेल्या खुणा कडेपासून मध्यापर्यंत बोटांनी वाचल्या आणि सातव्या-आठव्या आवर्तनात हात बदलल्याचं ओळखलं. डाव्या हाताच्या खुणा उथळ आहेत.

कडेपासून आत 3 सेंमीवर केसाएवढी चीर आढळली. तांबं ठोकून कडक होतं आणि दर वेळी पुरेसं तापवलं नाही तर कडेला फाटतं. काळी पुटं टिकावीत म्हणून 28 तारखेला आच कमी ठेवली होती, त्याचा हा परिणाम. आता पुटांचा उपयोगच राहिलेला नाही, तेव्हा पूर्ण लाल होईपर्यंत तापवायचं आणि सरळ पाण्यात बुडवायचं. नवी चकती 0.9 मिमी पत्र्याची, वजन 1.3 किलोच्या आसपास. कड आधी गोल घासून घ्यायची, प्रेक्षकांच्या हातात जाते. जुनी चकती वितळवायची नाही. परसदाराशी, टोपलीच्या शेजारी टांगायची, आत येण्याआधी ज्यांना हात लावून पाहायचं त्यांच्यासाठी. चिरेवर तेवढा डाग देऊन.